खालच्या आळीचे रंग

समुद्रकाठच्या अबांदानो गावात दोन पथकं आहेत, वरच्या आळीचं आणि खालच्या आळीचं. मूल बापाच्या पथकात जन्मतं आणि मेल्यावर त्याच पथकाच्या निशाणाखाली पुरलं जातं. पूर्वी ही पथकं लढाईला जात. आता लढाया उरल्या नाहीत, निशाणं मात्र आहेत, आणि निशाणांवरून होणारी भांडणंही लढाईपेक्षा फार कमी नसतात. कोणी कोणते रंग वापरायचे, देवमासा कोणाचा आणि बिबळ्या कोणाचा, हे सगळं पणजोबांनी ठरवून ठेवलं आहे. वरच्या आळीचे रंग लाल आणि पांढरा, खालच्या आळीचे पिवळा आणि काळा.

अराबा एसुमानचे वडील वरच्या आळीची निशाणं शिवत. अंगणात चटईवर कापड ताणून ते त्यातून आकार कापून काढत आणि त्या भोकात दुसऱ्या रंगाचं कापड असं बसवत, की निशाण वाऱ्यावर कसंही फिरलं तरी चित्र तेच दिसावं. "निशाणाला उलटी बाजू नसते," एवढंच ते सांगत. त्यांना बोलायचा कंटाळा होता. अराबा कापड धरून बसायची. धरणं मुलींना चालत असे. कापायचं पुरुषांनी.

ती दहा वर्षांची असताना सणाच्या तोंडावर वडील तापाने पडले. निशाण अर्धवट राहिलं होतं. तिने कात्री घेतली आणि देवमासा कापला. वडिलांनी अंथरुणावरून पाहिलं आणि कूस बदलली. सणाच्या दिवशी नाचणाऱ्याने ते निशाण असं फिरवलं, की किनाऱ्यावरच्या बायका म्हणाल्या, यंदाचा मासा जिवंत आहे. तेव्हा गर्दीतून अराबा मोठ्याने म्हणाली, "तो मी कापलाय."

निशाण तिथल्या तिथे काठीवरून उतरवलं गेलं. वडिलांना पथकाला एक मेंढा द्यावा लागला. रात्री त्यांनी तिला मारलं नाही. जेवताना फक्त म्हणाले, "मासा चांगला होता. तोंड उघडायला नको होतं."

"माशाचं?"

"तुझं."

महिन्याभरात तिला सेकोंडीला आत्याकडे शिवणकाम शिकायला पाठवलं. अबांदानोत पोरीला कोणी विचारणार नाही, असं आईचं म्हणणं पडलं. अराबाला त्याचं वाईट वाटलं की नाही, कोणाला कळलं नाही. जाताना तिने वडिलांची जुनी कात्री फडक्यात गुंडाळून नेली, आणि ती मागून घेतली की न विचारता, याबद्दल घरात दोन मतं राहिली.

सेकोंडीत ती एकवीस वर्षांची असताना सागरतारा मंडळीचं नाटक आलं. मंडळीत सगळे पुरुष. बायकांची कामंही पुरुषच करत. आवारात मांडव घातला होता आणि लोक तिन्ही बाजूंना बसले होते. नाटकातली बायको रडत रडत पाठमोरी झाली, तेव्हा तिच्या पोलक्याच्या मागच्या उघड्या फटीतून आणि सेफ्टीपिनांमधून आतला बनियन दिसला. लोक हसले. प्रसंग मुलाच्या मरणाचा होता.

दुसऱ्या दिवशी सकाळी अराबा मंडळीच्या मुक्कामी गेली. मालक एको ओटू दात घासत होता.

"तुमची बाई मागून पुरुष आहे," ती म्हणाली.

"पुढून पण पुरुषच आहे. तू कोण?"

"तुमच्या नाटकात तिन्ही बाजूंनी माणसं बसतात. तुमचे कपडे एकाच बाजूचे आहेत."

ओटूने चूळ भरली. "आमच्यात बायका नसतात, पोरी."

"मला नाटकात यायचंच नाही. मला कपड्यांची पेटी द्या."

पेटी मिळाली, ती एका गावापुरती. मग दुसऱ्या गावी ती न सांगता ट्रकमध्ये बसलेली होती. तिसऱ्या गावी कोणी विचारलं नाही. असं करत तीस वर्षं गेली.

तिने मंडळीचे कपडे निशाणासारखे शिवले. कुठूनही पाहिलं तरी पुरे दिसावेत, शेवटच्या बाकावरून कळावं की ही सावत्र आई, हा नोकर, हा शहरातून आलेला दीडशहाणा. गावात पोचलं की पहिल्यांदा ती बाजारात जाऊन उभी राहायची. इथल्या विधवा डोक्याला कापड कसं बांधतात, लग्नाच्या मुली गाठ कुठे मारतात, ते पाहून संध्याकाळी नटांच्या गाठी सोडून पुन्हा बांधायची. गॅसबत्तीच्या उजेडात लाल रंग काळपट दिसतो, निळा मरतो, पिवळा तेवढा टिकतो, हे तिला तिसऱ्या वर्षी कळलं. ते तिने कोणाला सांगितलं नाही. ओटूने विचारलं असतं तर कदाचित सांगितलं असतं.

पडदाही तीच शिवायची, आणि गावाबाहेर लावायच्या चित्रांच्या पाट्याही तीच रंगवायची. एकदा ओटू म्हणाला, "पाटीवर मगर काढ. बाईला गिळताना."

"नाटकात मगर नाही."

"लोक पाटी बघून येतात, अराबा. आत आल्यावर कोण मोजतंय मगरी?"

"मी मोजते. नाटकात नाही ते मी काढत नाही."

ओटू दोन दिवस बोलला नाही. तिसऱ्या दिवशी त्याने नाटकात मगर घातली. अराबाने गोणपाटाची मगर शिवली, आत दोन माणसं मावतील अशी, आणि पुढची सहा वर्षं मंडळी त्या मगरीवर जगली. ओटू मरेपर्यंत सांगत राहिला की ती कल्पना त्याची होती. अराबानेही कधी अडवलं नाही.

तिने मधे एक लग्न केलं होतं. नवरा कुमासीचा ड्रायव्हर. तो म्हणाला, आता घरी बस. ती घरी बसली, पावसाळाभर. मग सागरताराची गाडी दारावरून गेली आणि ती गाडीमागे गेली. नवऱ्याने तिची शिवणयंत्राची पेटी स्वतः स्टँडवर आणून दिली, असं म्हणतात. तो वाईट माणूस नव्हता.

तीस वर्षांत मंडळी एका गावात कधी गेली नाही, अबांदानोत. दौऱ्याची यादी ठरताना अराबा म्हणायची, तिथे समुद्र फार आवाज करतो, नटांचं ऐकू येणार नाही. वडिलांच्या मयतीला ती एकटी गेली, तीन दिवस राहिली आणि परतली. पण एकाहत्तर साली तिथल्या राजानेच सणासाठी बोलावणं धाडलं, आणि राजाला समुद्राच्या आवाजाचं कारण सांगता येत नाही. नाटक उजेडीच करायचं होतं, दुपारी चारला, कारण अंधार पडल्यावर मिरवणूक होती.

गाडी खालच्या आळीतून गावात शिरली. दोन्ही बाजूंच्या घरांवर पिवळ्या-काळ्या पताका लागल्या होत्या. अराबा खिडकीशी बसली होती. तिने पायाशी ठेवलेल्या पेटीकडे पाहिलं. पेटीत सगळ्यात वर मॅडमचा झगा होता.

मॅडम म्हणजे त्या नाटकातली दुष्ट सावत्र आई, शहरातून आलेली. अराबाने तिचा झगा चार वर्षांपूर्वी कुमासीत शिवला होता. पिवळाधमक, त्यावर काळ्या खेकड्यांच्या नांग्या कापून बसवलेल्या. चार वर्षांत तो झगा शंभर गावांनी पाहिला होता. शिवताना तिने फक्त गॅसबत्तीचा विचार केला होता. निशाणवाल्याची मुलगी असून आपण हे कसं विसरलो, हे तिला त्या खिडकीशी कळेना.

मुक्कामावर पोचताच ती झगा मांडीवर घेऊन बसली. नांग्या काढून निळ्या लावता आल्या असत्या. दोन तासांचं काम होतं. चार टाके उसवलेही होते. तेवढ्यात खालच्या आळीच्या सुपीचा, म्हणजे पथकप्रमुखाचा, काठीवाला आला. कोणत्या तरी पोराने गावाबाहेरच्या पाटीवर मॅडमचं चित्र पाहिलं होतं.

काठीवाल्याने उभ्यानेच निरोप सांगितला. "सुपी आर्कोफुल म्हणतात, आमचे रंग दुष्ट बाईच्या अंगावर घालून आमचे रंग मळवलेत. रंग मळवणाऱ्याने मेंढा द्यायचा आणि जिनच्या दोन बाटल्या. झगा आमच्या चौथऱ्यासमोर जाळायचा. आणि जिने कापला तिने कात्रीवर हात ठेवून शपथ घ्यायची, की पुन्हा कापणार नाही. ती एसुमानची पोरगी आहे ना? सुपी म्हणाले, ही खोड जुनी आहे."

अराबाने सुई झग्यात टोचून ठेवली. मग उसवलेले चार टाके पुन्हा घालायला घेतले.

ओटूने काठीवाल्याला पाणी देऊन, हो हो म्हणून वाटेला लावलं आणि तिच्यासमोर बसला. आता तोही म्हातारा झाला होता. "आंटी," तो म्हणाला. मंडळीत सगळेच तिला आंटी म्हणत, तोसुद्धा. "एक झगा तर आहे. जाळू दे. कुमासीला गेल्यावर दुसरा शीव."

"आणि शपथ?"

"शपथ घ्यायची. इथून बाहेर पडलं की कोण बघतंय?"

"मी बघतेय."

"हे बघ, या किनाऱ्यावर पथकांनी एकदा बंदी घातली की पुढे एक गाव आपल्याला घेणार नाही. वीस माणसं आहेत माझी. मी तुझ्यासाठी वीस माणसं उपाशी नाही मारणार. भांडण झालं तर मी तुला इथेच उतरवून पुढे जाईन. तोंडावर सांगतो."

"सांगितलंस ते बरं केलंस," ती म्हणाली आणि दोरा दातांनी तोडला. एरवी दोन दोन दिवस न बोलणारा माणूस आज सगळं बोलला, म्हणजे तो खरंच जाईल, हे तिला कळलं. तिने झगा घडी करून काखेत घेतला आणि ती बाहेर पडली.

खालच्या आळीच्या चौथऱ्यावर सिमेंटचं जहाज आहे, आणि जहाजाच्या दोन्ही बाजूंना सिमेंटचे शिपाई. सुपी आर्कोफुल जहाजाच्या सावलीत बाकावर बसला होता. अंगाने दांडगा, सत्तरीचा. भोवती पथकाची दहाबारा माणसं मक्याच्या पिठाचे केंके आणि तळलेले मासे खात होती. अराबा समोर जाऊन उभी राहिली.

"नाना, तुमचा निरोप मिळाला."

"मेंढा कुठाय?"

"आधी मला सांगा, मळवले म्हणजे काय?"

सुपीने बोटं चाटली. "तुझ्या बापाला विचारायचं होतंस. रंगाला धूळ लागली, थुंकी लागली, कोणाचं उष्टं लागलं, तर रंग मळले. ज्याने मळवले त्याने मेंढा द्यायचा. तो पथकाचा असो, बाहेरचा असो, राजा का असेना."

तिने झगा उलगडून त्याच्यासमोर धरला. "वास घेऊन बघा. कालच धुतलाय."

"दुष्ट बाईच्या अंगावर गेला म्हणजे मळलाच."

"कोण बाई? तो क्वामेना बायडू आहे. सहा पोरांचा बाप आहे, घाबरट आहे. दुष्ट असता तर मला बरं झालं असतं."

खाणारी माणसं हसली. सुपी हसला नाही. "तुला अजून तोंड उघडायची सवय आहे," तो म्हणाला. "बाईचा हात रंगांवर पडला, तिथेच ते मळले. बाकीचं सगळं त्याच्यानंतर. चार वाजता आम्ही पहिल्या ओळीत बसणार. झगा दिसला की वर चढून उतरवणार. तुझ्या त्या सहा पोरांच्या बापासकट."

"या. पहिलं बाक मोकळं ठेवते," अराबा म्हणाली आणि निघाली. आळीच्या वळणापर्यंत ती सावकाश चालली. वळण आल्यावर मात्र तिने पाय उचलले.

क्वामेनाला हे आधीच कळलं होतं. तो रंग लावून, कानात मोठाले डूल घालून पेटीवर बसला होता आणि नुसती मान हलवत होता. "आंटी, मी निळा घालतो. निळा मला छान दिसतो. तूच म्हणाली होतीस."

"मी तसं कधी म्हटलं नाही. हात वर कर."

"माझ्या बायकोला काय सांगशील?"

"सांगेन, झग्यात गेला. हात वर कर, क्वामेना. तू आत गेलास आणि नीट दुष्टपणा केलास, तर त्यांना झगा दिसणारच नाही. तू घाबरलास तर त्यांना झग्याशिवाय काही दिसणार नाही. तीस वर्षांत मी तुला वाईट कपडा घातलाय का?"

"नाही."

"मग?"

त्याने हात वर केले.

चार वाजता शाळेचं आवार भरून गेलं. पहिल्या बाकावर पिवळ्या-काळ्या पट्ट्या बांधलेली पंधरा माणसं, मधे सुपी. त्यांच्या मागे त्यांच्याच आळीच्या बायका, मांडीवर पोरं, हातात वरवर साल काढलेली संत्री. संत्र्याला वर भोक पाडून रस चोखायचा आणि चोथा हातात धरून ठेवायचा, हे नाटकाला आलेल्या माणसाला सांगावं लागत नाही. नाटकात कोणी आवडलं नाही तर तो चोथा कामाला येतो.

अराबा पडद्याच्या कडेला उभी होती. ओटूने गाडीचा ड्रायव्हर आवाराबाहेर तयार ठेवला होता, ते तिने पाहिलं होतं.

मॅडम आत आली. उन्हात तो पिवळा असा पेटला, की मागच्या बायकांनीही डोळ्यांवर हात धरला. मग पहिलं बाक एकाच वेळी उभं राहिलं. क्वामेना जागीच थिजला. सुपीने एक पाय मंचाच्या फळीवर ठेवला.

"ए, खाली बसा," मागून एक बाई ओरडली. "दिसत नाही काही."

"कोफी इसे, तुझं डोकं केवढं आहे माहीत नाही का तुला? बस."

"सुपी नाना, प्रवेश संपू दे, मग काय करायचं ते करा. मॅडम बोलेल ते तर ऐकू द्या."

सुपीने मागे वळून पाहिलं. त्याच्याच आळीच्या दोनशे बायका होत्या, त्यात त्याची बहीण. त्याने पाय फळीवरून काढला आणि हाताने माणसांना बसायची खूण केली. प्रवेश संपला की उठायचं, असं त्यांचं ठरलं असावं. पण प्रवेश संपला तेव्हा सावत्र पोर उपाशी झोपलं होतं आणि गावातल्या दोन म्हाताऱ्या मंचावर चढून पोराचं काम करणाऱ्या नटाच्या कपाळाला बक्षिसाची नाणी चिकटवत होत्या. त्यांच्यामधून जाऊन कोणाचा झगा उतरवणार? दुसऱ्या प्रवेशात मगर नव्हती, पण पोराच्या मेलेल्या आईचं कापड होतं. पोर ते उशाशी घेऊन झोपायचं. मॅडमने ते पोराच्या हातून ओढलं, त्या कापडाने चूल पुसली आणि ते बाहेर भिरकावलं. क्वामेनाला आता कसलीच भीती उरलेली दिसत नव्हती. तो पोराकडे पाहून हसला, आणि ते हसणं असं होतं, की अराबालाच पडद्यामागे त्याला एक ठेवून द्यावीशी वाटली.

पहिलं संत्रं पहिल्या बाकावरून आलं. ते मॅडमच्या छातीवर, दोन काळ्या नांग्यांच्या बरोबर मधे फुटलं. सुपी आर्कोफुल उभा होता आणि त्याचा हात अजून हवेत होता. "निर्लज्ज," तो म्हणाला. मग पाच-पन्नास संत्री आली. क्वामेना दोन्ही हातांनी डोकं झाकून अराबाच्या अंगावर येऊन आदळला. त्याच्या केसांतून रस गळत होता.

"आंटी, मारलं."

"मारणारच. छान केलंस," ती म्हणाली. तिचे डोळे झग्यावर होते.

पोर शेवटी मामाच्या घरी गेलं, मॅडम एकटी राहिली आणि नाटक संपलं. झगा उतरवायला कोणी चढलं नाही. पहिलं बाक कधी रिकामं झालं ते कोणाच्या लक्षात आलं नाही.

सकाळी मात्र काठीवाला पुन्हा दारात हजर होता. मेंढा, दोन बाटल्या, झगा, शपथ. ओटूने कपाळाला हात लावला. "मला वाटलं, विसरले."

"ते विसरत नाहीत," अराबा म्हणाली. तिने झगा रात्रभर तसाच ठेवला होता, धुतला नव्हता. रस वाळून पिवळ्यावर तपकिरी डाग पडले होते आणि बिया चिकटल्या होत्या. ती तो हातांवर आडवा घेऊन चौथऱ्याकडे गेली. वाटेत मागे माणसं जमत गेली, बायका जास्त.

तिने तो सिमेंटच्या जहाजाच्या पायरीवर पसरला. "नाना, हे मळलेत का?"

सुपीने वाकून पाहिलं.

"तुम्ही काल सांगितलंत, उष्टं लागलं की मळले. हे चोखलेल्या संत्र्याचं उष्टं आहे. कोणी लावलं, ते मी सांगत नाही. गावाने पाहिलंय. हे जर तुमच्या पथकाचे रंग असतील, तर ज्याने मळवले त्याने मेंढा द्यायचा. आपल्याच चौथऱ्यावर, आपल्याच माणसांसमोर. मी उभी आहे. आणून कापा, मग मी माझा मेंढा आणते."

पथकाची माणसं आपापल्या पायांकडे पाहू लागली. कोणी तरी मागे फिस्सकन हसलं आणि गप्प झालं. सुपीची बहीण कमरेवर हात ठेवून उभी होती. ती म्हणाली, "दादा, मेंढा आणायला सांगू का घरी?"

"तू गप," सुपी म्हणाला. त्याने एक डाग नखाने खरवडून पाहिला. मग म्हणाला, "हे काही निशाण नाही."

"मग काय आहे?"

"झगा आहे."

"कोणाचा?"

"नाटकाचा. तुझा. ने उचलून."

"कोणी कापला, नाना?"

सुपीने मान वर केली. एवढं झाल्यावरही ही बाई जात नाही, हे त्याला नवीन होतं. "बाईमाणसाने इतकं ताणू नये."

"मी दहा वर्षांची असताना माझ्या बापाने मेंढा दिला, देवमासा चांगला झाला म्हणून. तेव्हा कोणी विचारलं नाही कोणी कापला, मीच सांगितलं. आज तुम्ही सांगा."

"तू कापलास," सुपी म्हणाला. "कापलास, बरं? सगळ्यांनी ऐकलं. आता जा."

ती गेली नाही लगेच. आधी बिया एकेक करून काढल्या, मग झग्याची घडी केली, नांग्या आत आणि पिवळं बाहेर. मुक्कामावर येऊन तिने तो साबणाच्या पाण्यात टाकला. डाग पूर्ण निघाले नाहीत. पुढे कितीतरी वर्षं ते छातीवर दिसत राहिले, आणि क्वामेना म्हणायचा की त्या डागांमुळे मॅडम जास्त दुष्ट दिसते.

दुपारी मंडळी निघाली. अबांदानोतून बाहेर पडायला एकच रस्ता आहे, खालच्या आळीतून. अराबाने ओला झगा गाडीच्या मागच्या खिडकीला बाहेरून बांधला. गाडी सुटली तशी वाऱ्याने तो भरला आणि फडफडायला लागला.

"आंटी, आत घे तो," ओटू म्हणाला. "आळी ओलांडली की बांध पुन्हा."

"ओला आहे," ती म्हणाली.